टोकन उठत नाही, डीएलएल सापडत नाही: सुरक्षेच्या सामायिक फाइलींबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इंदूरमधल्या मराठी मंडळींच्या ऑफिसांतले कॉम्प्युटर आम्ही सांभाळतो. सीए, वकील, सरकारी कामांचे ठेकेदार, पतसंस्था, दोन-चार छोट्या शाळा. रामबागेपासून राजेंद्र नगरपर्यंत फोन येतात आणि त्यातले निम्मे एकाच जातीचे असतात: कुठली तरी फाइल ‘मिसिंग’ आहे, टोकन (डिजिटल सही ठेवलेलं पेनड्राइव्हसारखं उपकरण) दिसत नाही, पासवर्ड बरोबर असून आत घेत नाही. रिटर्नच्या शेवटच्या तारखेला आमचा फोन लागणं कठीण, म्हणून उत्तरं इथे लिहून ठेवली आहेत. प्रश्न ज्या शब्दांत येतात त्याच शब्दांत ठेवलेत.

डीएलएल म्हणजे काय, आणि तिचा सुरक्षेशी काय संबंध?

पासवर्ड तपासणं, वेबसाइटचं प्रमाणपत्र खरं आहे का ते बघणं, मजकूर सांकेतिक करून पाठवणं ही कामं ब्राउझरला लागतात, हिशेबाच्या सॉफ्टवेअरला लागतात, ईमेललाही लागतात. प्रत्येकाने ती आपापली लिहायची ठरवली तर प्रत्येक जण वेगळी चूक करून ठेवेल. म्हणून ती एकदाच नीट लिहून एका फाइलीत ठेवतात आणि गरज असलेला प्रोग्राम चालू होताना ती फाइल उघडून वापरतो. मंडळाच्या मोठ्या पातेल्यांसारखाच हा प्रकार: मुंजीला तीच, महाप्रसादालाही तीच, आणि कल्हई गेली की सगळ्याच पंगतींना बाधा. विंडोजमध्ये अशा फाइलींच्या नावाला डीएलएल हे शेपूट असतं, लिनक्सवर एसओ, मॅकवर डायलिब.

विंडोजच्या स्वतःच्या सुरक्षा-फाइलींपैकी काही नावं कानावर असलेली बरी. क्रिप्ट३२ प्रमाणपत्रं तपासते. बीक्रिप्ट आणि एनक्रिप्ट किल्ल्या आणि सांकेतिकीकरण सांभाळतात. विनट्रस्ट एखाद्या फाइलीवरची सही खरी का ते बघते. एसचॅनल सुरक्षित जोडणीचं काम करते. केर्बेरॉस आणि एमएसव्ही१_० या दोघी लॉगिनच्या वेळी कामाला येतात. याखेरीज बाहेरून आलेल्या असतात त्या ओपनएसएसएल या मोफत सुरक्षा-सॉफ्टवेअरच्या लिबक्रिप्टो आणि लिबएसएसएल, आणि डिजिटल सहीच्या टोकनबरोबर आलेल्या फाइली. भांडण बहुतेक वेळा या बाहेरच्यांचं असतं.

‘अमुक डीएलएल मिसिंग आहे’ असं येतंय. इंटरनेटवर ती एकच फाइल मिळते. उतरवून टाकू का?

नका टाकू. हा या पानावरचा सगळ्यांत महत्त्वाचा प्रश्न आहे, म्हणून जरा सविस्तर.

सुरक्षेची फाइल कधीच एकटी जन्माला येत नाही. ती कुठल्या तरी पॅकेजबरोबर आलेली असते आणि तिच्या सोबतच्या फाइलींशी तिचा आवृत्तीचा मेळ बसलेला असतो. तुम्ही कुठून तरी आणून टाकलेली फाइल जुनी असेल तर प्रोग्राम दुसरी एरर देतो, मग लोक दुसरी फाइल शोधायला निघतात. असं करत करत एका ऑफिसच्या कॉम्प्युटरवर सिस्टम फोल्डरमध्ये पाच वेगवेगळ्या वर्षांच्या फाइली आम्हाला सापडल्या होत्या. मूळ तक्रार मात्र तशीच.

बरं, समजा चालू झालं. तरी ती फाइल आता कुणाच्याच मालकीची नाही. पॅकेजचं अपडेट येईल तेव्हा तिला कुणी हात लावणार नाही; दोन वर्षांनी तिच्यात एखादं भगदाड जाहीर झालं तरी ती तशीच बसून राहील.

आणि तिसरी गोष्ट, जी कुणी लक्षात घेत नाही. डीएलएल प्रोग्रामच्या आत शिरून चालते. प्रोग्रामला जे दिसतं ते तिला दिसतं. टोकनचा पिन तुम्ही टाइप करता तो टोकनच्या डीएलएलमधूनच टोकनपर्यंत जातो. अनोळखी साइटवरून आणलेली टोकनची डीएलएल म्हणजे कंपनीच्या सहीचा पिन कुणाच्या हातून जाणार हे माहीत नसताना तो बोलून दाखवणं.

मग करायचं काय?

आधी ती फाइल कुणाची ते ओळखा. सगळं उत्तर त्यावर अवलंबून आहे.

व्हीसीरनटाइम१४०, एमएसव्हीसीपी१४० अशी नावं असतील तर ती मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ च्या पुनर्वितरण पॅकेजमधली. ती सुरक्षेची नाहीत, पण सुरक्षेचे निम्मे प्रोग्राम त्यांच्यावरच उभे असतात. मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून त्यांचं ताजं एकत्रित पॅकेज घ्या आणि ३२-बिट व ६४-बिट अशी दोन्ही टाका. कॉम्प्युटर ६४-बिट आहे म्हणून ३२-बिटचं लागणार नाही, असं नसतं. एमएसव्हीसीआर१०० मागितली तर ते २०१० चं वेगळं पॅकेज.

क्रिप्ट३२, विनट्रस्ट यांसारखी विंडोजची स्वतःची फाइल असेल तर ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडा. आधी डीआयएसएमची ऑनलाइन, क्लीनअप-इमेज, रिस्टोअरहेल्थ ही कमांड आणि ती पूर्ण झाल्यावर एसएफसी स्कॅननाऊ. क्रम हाच ठेवा. एसएफसी ज्या साठ्यातून चांगली फाइल काढून देते, तो साठाच डीआयएसएम दुरुस्त करते. डीआयएसएम चालताना इंटरनेट सुरू हवं आणि मधेच बराच वेळ आकडा हलत नाही. घाबरून बंद करू नका, चहा घेऊन या.

लिबईएवाय३२, एसएसएलईएवाय३२, लिबक्रिप्टो अशी नावं असतील तर फाइल ओपनएसएसएलची आहे, पण ती आणली तुमच्या एखाद्या प्रोग्रामने. तोच प्रोग्राम त्याच्या कंपनीच्या साइटवरून नव्याने टाका. पहिली दोन नावं दिसली तर प्रोग्राम जुना आहे हेही समजा: ओपनएसएसएलने २०१६ मध्ये १.१.० आवृत्तीपासून ती नावं सोडून लिबक्रिप्टो आणि लिबएसएसएल ही घेतली. १.०.२ चा सर्वसाधारण आधार २०१९ च्या अखेरीस संपला, १.१.१ चा सप्टेंबर २०२३ मध्ये.

विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये ३२-बिटच्या फाइली असतात ना?

उलट. ६४-बिट विंडोजवर सिस्टम३२ मध्ये ६४-बिटच्या आणि सिसवॉव६४ मध्ये ३२-बिटच्या. जुने प्रोग्राम मोडू नयेत म्हणून मायक्रोसॉफ्टने जुनं नाव तसंच ठेवलं आणि जगाचा गोंधळ केला. शेवटी सी०००००७बी असलेली एरर आली तर बहुधा ३२ आणि ६४ ची सरमिसळ झालेली असते. फाइल आहे, पण चुकीच्या घरात.

यूट्यूबवर सांगितलं की रेगएसव्हीआर३२ चालवा.

ती कमांड फक्त विशिष्ट प्रकारच्या, स्वतःची नोंदणी करणाऱ्या डीएलएलसाठी असते. ओपनएसएसएलच्या फाइलीवर चालवलीत तर ‘एंट्री पॉइंट सापडला नाही’ असं उत्तर येईल, आणि ते बरोबरच आहे. काही बिघडत नाही, काही सुधारतही नाही.

टोकन लावलं, दिवा लागतो, पण पोर्टलवर सर्टिफिकेट दिसत नाही.

इंदूरमध्ये सगळ्यांत जास्त येणारा फोन. जीएसटी, कंपनी खात्याचे फॉर्म, राज्य सरकारची ई-निविदा, सगळीकडे हीच रड. दिवा लागला याचा अर्थ टोकनला वीज मिळते, एवढाच. पुढे तीन मजले आहेत आणि बिघाड कुठल्या मजल्यावर आहे ते आधी बघायचं.

पहिला मजला टोकनच्या स्वतःच्या टूलचा. ते उघडा. त्यात टोकनचं नाव आणि सर्टिफिकेट दिसतंय का? नसेल तर यूएसबीचं दुसरं तोंड बघा (समोरची तोंडं बऱ्याच असेंबल्ड डब्यांत ढिली असतात), मग सर्व्हिसेसच्या यादीत स्मार्ट कार्ड नावाची सर्व्हिस चालू आहे का ते पाहा, मग ड्रायव्हर.

दुसरा मजला विंडोजचा. विंडोजच्या ‘रन’ चौकटीत सर्टएमजीआर.एमएससी टाइप केलं की सर्टिफिकेटांची खिडकी उघडते. त्यात पर्सनलखाली तुमचं नाव दिसलं पाहिजे. टूलमध्ये दिसतं पण इथे नाही, म्हणजे सर्टिफिकेट विंडोजकडे पोचवणारा टोकनचा छोटा प्रोग्राम बंद आहे. तो घड्याळाशेजारच्या चिन्हांत सापडतो.

तिसरा मजला पोर्टलचा. दोन्ही ठिकाणी नाव दिसतंय आणि तरी पोर्टल ऐकत नसेल, तर डीएलएलचा पिच्छा सोडा. क्रोमने २०१५ मध्ये जुन्या धाटणीचे प्लगइन बंद केल्यापासून वेबसाइट ब्राउझरमधून थेट टोकनशी बोलत नाही. मधे एमसाइनरसारखा एक प्रोग्राम तुमच्याच कॉम्प्युटरवर चालू असावा लागतो. तो बंद असतो, किंवा अँटीव्हायरस त्याला अडवतो, किंवा ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडलेला नसतो.

राजेंद्र नगरच्या एका ठेकेदारांचं उदाहरण सांगतो. निविदेची मुदत दुपारी ३ ची, स्वतःचं टोकन एका कंपनीचं, भागीदाराचं दुसऱ्या कंपनीचं. टूल उघडलं तर स्लॉटच्या (टोकन दिसण्याच्या जागांच्या) यादीत एकच ओळ, तीही रिकामी. टोकन हातात निळं, आणि कॉम्प्युटरवर ड्रायव्हर होता भागीदाराच्या काळ्या टोकनचा. प्रत्येक कंपनीची डीएलएल वेगळी असते: ईपास२००३ ची ईपीएस२००३सीएसपी११, प्रॉक्सकीची सिग्नेचरपी११. एकीला दुसरीचं टोकन ओळखता येत नाही. योग्य ड्रायव्हर टाकला, कॉम्प्युटर बंद करून सुरू केला, यादीत नाव आलं. ड्रायव्हर पेनड्राइव्हवरून फिरवत बसण्यापेक्षा टोकनच्या मागचं नाव वाचून त्या कंपनीच्या साइटवरून घ्यावा.

डीएलएल खराब झाली. माझं सर्टिफिकेट गेलं का? पैसे भरून नवीन घ्यावं लागेल?

नाही. सहीची गुप्त किल्ली टोकनच्या आतच तयार होते आणि बाहेर येत नाही. सही करायचं कामही टोकनच करतं. डीएलएल फक्त निरोप्या आहे. कॉम्प्युटर पूर्ण फॉरमॅट केला तरी टोकनमधलं काही हलत नाही.

मात्र टोकनच्या टूलमध्ये ‘इनिशियलाइज’ नावाचं एक बटण असतं. लोक ते ‘सुरू करा’ समजून दाबतात. त्याने टोकन कोरं होतं. सर्टिफिकेट जातं, किल्ली जाते, आणि ती परत आणणारं कुणी नाही, नवीन सर्टिफिकेटच काढावं लागतं. पिन सलग चुकवलात तर टोकन कुलूपबंद होतं, ते वेगळं. त्यासाठी सर्टिफिकेट देणाऱ्याला आधी फोन करा.

घरून रिमोट डेस्कटॉपने ऑफिसच्या कॉम्प्युटरवर गेलो की टोकन गायब. ऑफिसात मात्र चालतं.

विंडोजचं रिमोट डेस्कटॉप ठरवूनच असं वागतं. त्या सत्रात कॉम्प्युटर स्मार्ट कार्ड शोधतो ते तुमच्या बाजूला, म्हणजे घरच्या मशीनवर. ऑफिसच्या मशीनला लावलेलं टोकन त्याला दिसत नाही. टोकन घरी न्या आणि घरच्या मशीनला लावा, किंवा एनीडेस्कसारखं समोरचा पडदाच दाखवणारं साधन वापरा. ड्रायव्हर पुन्हा पुन्हा टाकून उपयोग नाही. दुसऱ्या पर्यायात टोकन दिवसरात्र ऑफिसात टोचलेलं राहतं, आणि पिन मॉनिटरला चिकटवलेला असतो, हे आम्ही बघितलंय. तसं करू नका.

ॲडोबी आणि फायरफॉक्स ‘मॉड्यूलचा पाथ’ मागतात. तो काय?

क्रोम आणि एज विंडोजच्या साठ्यातून सर्टिफिकेट घेतात. जावावर चालणारे काही प्रोग्राम आणि बऱ्याचदा फायरफॉक्स पीकेसीएस-११ नावाच्या ठरलेल्या पद्धतीने थेट टोकनच्या डीएलएलशी बोलतात, म्हणून ती फाइल कुठे आहे ते दाखवावं लागतं. वर ठेकेदारांच्या गोष्टीत दिलेली टोकनच्या डीएलएलची नावं सिस्टम३२ मध्ये शोधा. जावा ३२-बिट असेल तर मात्र सिसवॉव६४ मधली. ॲडोबी रीडरला पाथ देण्याची गरज सहसा पडत नाही, तो विंडोजचा साठाही वाचतो.

पीडीएफमधल्या सहीवर पिवळं प्रश्नचिन्ह येतं. डीएलएल खराब आहे का?

डीएलएल ठणठणीत आहे. भारतातल्या सर्टिफिकेटांचं मूळ ज्या सरकारी नियंत्रकाकडे आहे, त्याचं मूळ प्रमाणपत्र विश्वासू आहे हे ॲडोबीला अजून सांगितलेलं नाही. सहीवर उजवी क्लिक, सही तपासा, सही करणाऱ्याचं प्रमाणपत्र दाखवा, त्यात सगळ्यांत वरचं निवडून ‘ट्रस्ट’ मध्ये विश्वासू यादीत घाला. एकदाच करावं लागतं. मात्र ती पीडीएफ सरकारी साइटवरून तुम्ही स्वतः उतरवलेली असेल तरच. व्हॉट्सॲपवर आलेल्या कागदातलं मूळ प्रमाणपत्र विश्वासू ठरवू नका. ते कुणीही बनवू शकतं.

एखादी डीएलएल खरी की भेसळीची, कसं ओळखायचं?

फाइलीवर उजवी क्लिक, प्रॉपर्टीज, डिजिटल सिग्नेचर्सचा टॅब. सही कुणाची आहे आणि ‘सही ठीक आहे’ असं लिहिलंय का ते बघा. नुसतं नाव वाचून थांबू नका, डिटेल्स दाबा.

पण इथे एक गंमत आहे. मायक्रोसॉफ्टच्या कित्येक अस्सल फाइलींना हा टॅबच नसतो. त्यांची सही फाइलीत नसते, वेगळ्या कॅटलॉगमध्ये असते. टॅब नाही म्हणून क्रिप्ट३२ उडवायला निघालेले लोक आहेत. मायक्रोसॉफ्टच्याच सिसइंटर्नल्समधलं सिगचेक हे छोटं साधन कॅटलॉगही बघतं, शंका असेल तर ते वापरा.

फाइल कुठे बसली आहे तेही बघा. विनट्रस्ट सिस्टम३२ मध्ये असेल तर ठीक. तीच डाउनलोड्समध्ये किंवा कुठल्या तरी प्रोग्रामच्या शेजारी एकटी दिसली तर कान टवकारा. प्रोग्राम सहसा आधी स्वतःच्या फोल्डरात शोधतो, मग सिस्टममध्ये. चोर याचाच फायदा घेतात: अस्सल, सही असलेला प्रोग्राम घ्यायचा आणि त्याच्या शेजारी त्याला हव्या असलेल्या नावाची आपली डीएलएल ठेवायची. प्रोग्राम बिचारा तीच उचलतो. म्हणून कुठलंही सेटअप खच्चून भरलेल्या डाउनलोड्स फोल्डरातून चालवू नका; रिकामं फोल्डर करून त्यात ठेवा आणि तिथून चालवा.

अँटीव्हायरसने डीएलएल उडवली. परत आणू?

ती कुठल्या प्रोग्रामची होती? विकत घेतलेल्या प्रोग्रामची असेल तर कंपनीला विचारून आणा, असं चुकून होतं कधी कधी. पण प्रोग्राम ‘क्रॅक’ केलेला असेल तर चर्चाच नको. क्रॅक म्हणजे बऱ्याचदा परवाना तपासणारी डीएलएल काढून तिथे अनोळखी माणसाची डीएलएल ठेवणं. पक्षकारांचे पॅन आणि बँक खाती ज्या मशीनवर आहेत तिथे ती परत बसवणार असाल तर आम्हाला बोलावू नका.

मायक्रोसॉफ्टची अस्सल फाइल असली की निर्धास्त?

अस्सल असणं आणि निर्दोष असणं वेगळं. १४ जानेवारी २०२० ला मायक्रोसॉफ्टने क्रिप्ट३२ मधला एक दोष दुरुस्त केला. विंडोज १० मधली ही फाइल एका प्रकारच्या प्रमाणपत्रांची तपासणी अपुरी करायची, त्यामुळे खोटं प्रमाणपत्र खरं म्हणून खपवता येत होतं. आपण वर ‘सही ठीक आहे’ बघायला सांगितलं, ते सांगणारीच फाइल फसत होती! दोष कळवला होता अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा एजन्सीने. उपाय एकच, अपडेट. आणि अपडेट बंद झालेल्या विंडोजवर तोही नाही: विंडोज ७ चा आधार नेमका त्याच दिवशी संपला, विंडोज १० चा १४ ऑक्टोबर २०२५ ला.

माझ्या कॉम्प्युटरवर लिबक्रिप्टोच्या दहा प्रती आहेत. नऊ काढून टाकू?

हात लावू नका. नावाला सामायिक असली तरी विंडोजवर प्रत्येक प्रोग्राम आपापली प्रत बगलेत घेऊन येतो. एक काढलीत की तो प्रोग्राम बंद पडेल.

याची दुसरी बाजू एप्रिल २०१४ मध्ये दिसली. ओपनएसएसएलच्या १.०.१ ते १.०.१एफ आवृत्त्यांत हार्टब्लीड नावाचा दोष सापडला: समोरचा एक लहानसा निरोप पाठवून सर्व्हरच्या मेमरीतले ६४ किलोबाइट्सपर्यंतचे तुकडे पुन्हा पुन्हा काढून घेऊ शकत होता, आणि त्यात पासवर्ड असो की खाजगी किल्ली, जे हाती लागेल ते. विंडोजच्या एसचॅनलमध्ये तो नव्हता, म्हणून विंडोजवाले निवांत होते. पण ज्या प्रोग्रामांनी स्वतःची ओपनएसएसएल बरोबर आणली होती ते उघडेच होते, आणि विंडोज अपडेट त्यांना दुरुस्त करत नाही. लिनक्सवर सहसा एक प्रत सगळ्यांना, म्हणून एका अपडेटमध्ये काम होतं. आमचं मत विचाराल तर सुरक्षेच्या बाबतीत लिनक्सची पद्धत सरस.

लिनक्स सर्व्हरवर लिबएसएसएल अपडेट केली. झालं ना काम?

अर्धंच. डिस्कवरची फाइल बदलली, पण आधीपासून चालू असलेले प्रोग्राम जुनीच फाइल मेमरीत धरून बसलेले असतात. एलएसओएफ ही उघड्या फाइलींची यादी देणारी कमांड चालवून बघा: ज्या ओळींत लिबएसएसएलच्या आधी डीईएल असं येतं, ते सगळे अजून जुन्यावर चाललेत. पतसंस्थेच्या सर्व्हरवर अपडेट ‘यशस्वी’ आणि वेबसर्व्हर मात्र दोन महिन्यांपूर्वीच्या फाइलीवर, हे दृश्य दुर्मिळ नाही. उबुंटू या लिनक्सच्या प्रकारावर कुठले प्रोग्राम पुन्हा सुरू करायचे ते नीडरीस्टार्ट हे साधन सांगतं. ते विचारेल तेव्हा नको म्हणून पुढे जाऊ नका.

उबुंटू २२.०४ वर जुना प्रोग्राम लिबएसएसएल १.१ मागतो. ३ ला १.१ नावाची लिंक करून दिली तर?

चालणार नाही. नावातला आकडा सजावटीचा नाही. आतली रचना बदलली म्हणूनच तो बदलला. प्रोग्रामची नवी आवृत्ती घ्या, नसेल तर तो जुन्या उबुंटूच्या कंटेनरमध्ये (सर्व्हरवरच्याच एका बंदिस्त कप्प्यात) वेगळा बसवा आणि बाहेरच्या जगापासून लांब ठेवा.

पॅम म्हणजे काय? त्याला हात लावल्यावर सर्व्हरवर कुणालाच लॉगिन होईना.

लिनक्सवर तुम्ही कोण हे ठरवण्याचं काम लॉगिन, एसएसएच (दुरून लॉगिन), सुडो (ॲडमिनचे अधिकार देणारी कमांड) स्वतः करत नाहीत. ते पॅमला विचारतात, आणि पॅम छोट्या एसओ फाइलींना ओळीने विचारतं: पॅम_युनिक्स पासवर्ड बघते, पॅम_फेललॉक चुकीचे प्रयत्न मोजते, कुणी ओटीपीची फाइल जोडलेली असते. ही कल्पना १९९५ च्या सुमारास सन मायक्रोसिस्टम्समधून आली आणि अजून टिकून आहे. कुणाला विचारायचं, कुठल्या क्रमाने, कुणाचा नकार अंतिम, हे ईटीसीमधल्या पॅम.डी फोल्डरात लिहिलेलं असतं.

घोटाळा होतो तो असा. फाइलीत ‘रिक्वायर्ड’ म्हणून एका मॉड्यूलचं नाव आहे आणि ते मॉड्यूल जागेवर नाही. पॅम ते अपयश धरतं आणि सगळ्यांना नकार देतं, रूटसकट, म्हणजे मुख्य ॲडमिनसकट. लिनक्स-पॅम १.५.० मध्ये पॅम_टॅली२ काढून टाकलं, तेव्हा जुन्या फाइली तशाच ठेवून अपग्रेड करणाऱ्यांचं असंच झालं. पॅम.डी मध्ये काहीही बदलण्याआधी रूटचं एक सत्र उघडं ठेवा, बदल करा आणि दुसऱ्या खिडकीतून लॉगिन होतं का ते बघा. पहिलं सत्र तोवर बंद करायचं नाही. सर्व्हर देवासला असेल आणि तुम्ही इंदूरला, तर दुप्पट काळजी.

एक्सझेड प्रकरण काय होतं? आमच्या सर्व्हरला धोका आहे का?

मार्च २०२४ मधली गोष्ट. एक्सझेड प्रकल्पातली लिबएलझेडएमए ही फाइली आवळून ठेवणारी लायब्ररी (सामायिक फाइल), सुरक्षेशी तिचा वरवर संबंध नाही. पण काही लिनक्स वितरणांत (वितरण म्हणजे उबुंटू, डेबियनसारखा लिनक्सचा तयार संच) एसएसएचचा सर्व्हर सिस्टमडी या सेवा सुरू करणाऱ्या प्रोग्रामची लायब्ररी वापरतो आणि ती लिबएलझेडएमएला ओढून आणते. म्हणजे दाराच्या कुलपात तिसऱ्याच कारखान्याचा भाग बसलेला. ‘जिया तान’ या नावाने कुणीतरी दोन-अडीच वर्षं त्या प्रकल्पात इमानेइतबारे काम करून थकलेल्या मूळ सांभाळकर्त्याचा विश्वास मिळवला आणि ५.६.० व ५.६.१ या आवृत्त्यांत चोरदरवाजा घातला.

पकडला तो आंद्रेस फ्रॉइंड या मायक्रोसॉफ्टमधल्या अभियंत्याने. तो पोस्टग्रेस या डेटाबेसच्या चाचण्या करत होता आणि त्याला दिसलं की एसएसएच लॉगिनला साधारण अर्धा सेकंद जास्त लागतोय. दुसऱ्या कुणी नेटला दोष दिला असता. त्याने मुळापर्यंत जाऊन २९ मार्चला जाहीर केलं, तोवर त्या आवृत्त्या मुख्यतः चाचणीच्या वितरणांतच पोचल्या होत्या. डेबियन आणि उबुंटूच्या स्थिर आवृत्त्या वाचल्या, त्यामुळे आम्ही बसवलेल्या सर्व्हरांना धोका नव्हता आणि नाही. चाचणीचं वितरण कामाच्या सर्व्हरवर टाकायचा आग्रह कुणी केला तर आम्ही नाही म्हणतो, त्याचं हेही एक कारण.

तुम्हाला फोन करताना काय सांगायचं?

‘एरर येते’ एवढं पुरत नाही. पडद्याचा फोटो पाठवा, तिरका चालेल पण एररचा पूर्ण मजकूर वाचता आला पाहिजे. कुठला प्रोग्राम उघडताना येते, काल चालत होतं का, मधे काय नवीन टाकलं किंवा कुणी ‘साफसफाई’ केली का, विंडोज कुठलं. टोकनचं असेल तर टोकनच्या मागचं नाव. पिन सांगू नका. आम्ही मागणार नाही, आणि आमच्या नावाने कुणी मागितला तर फोन ठेवून द्या. निविदेची मुदत ३ ची असेल तर फोन सकाळी करा, अडीचला नको.